यती पांढरा कुणी केला?

आज दुपारी एका मित्राने यतीवरची, म्हणजे हिमालयातल्या हिममानवावरची, अ‍ॅनिमेशन फिल्म पाठवली. खोटा निसर्गपट, पण अगदी खऱ्याच्या थाटात. तोच धीरगंभीर आवाज, झुडपाआडचा कॅमेरा, 'मादी आता पिल्लाला घेऊन खिंड ओलांडेल' असलं निवेदन. बर्फ तर इतका देखणा काढलाय की मी खूश होऊन बघत होते. मग यती आला. पांढराशुभ्र! आणि त्याला बघून चळाचळा कापणारे शेर्पा, निव्वळ हशा पिकवायला.

तिथे डोकं सटकलं.

अरे, खुंबूत, नेपाळातल्या एव्हरेस्टच्या पायथ्याच्या शेर्पा मुलखात, कुणालाही विचारायचं होतं! तिथल्या खुमजुंग गावात आम्ही ज्यांच्याकडे उतरलो होतो, त्या आमा (म्हणजे आई) चुलीपाशी बटाटे सोलता सोलता सांगत होत्या आणि मुलगा हिंदीत समजावत होता. यती तांबूस-काळपट. राहतो खालच्या जंगलात, बर्फ नुसता ओलांडतो. गाठ पडलीच तर उताराने पळायचं, कारण उतरताना त्याचे केस डोळ्यांवर येतात. सुरी बाजूला ठेवून त्यांनी कपाळावरून हात खाली ओढून दाखवला. हसल्या नाहीत, घाबरल्याही नाहीत.

अधिवास, रंग, चाल, सगळं त्या एका बाईने सांगितलं! शेर्पा तर याक मारणारा धिप्पाड झू-तेह वेगळा आणि माणसाएवढा मी-तेह वेगळा मानतात. एवढं आयतं असताना तुम्ही कार्टूनमधला पांढरा गोळा उचलता?

मान्य, फिल्म मुलांसाठी आहे. हेही मान्य की १९६० च्या मोहिमेत हिलरींनी खुमजुंगच्या गोम्पातली (बौद्ध मठातली) 'यतीची टाळू', म्हणजे डोक्यावरची कातडी, तपासायला नेली आणि ती सेरो नावाच्या रानबोकडाच्या कातड्याची निघाली. २०१७ च्या डीएनए तपासणीतही बहुतेक नमुने अस्वलांचेच होते. बरं मग? प्राणी नाही म्हणून त्याची गोष्ट बेवारस झाली का?

पिल्लू आईच्या पाठीवरून घसरतं तो प्रसंग आत्ता परत पाहिला. फार गोड आहे. काढणाऱ्याचा प्राण्यांवर जीव आहे, म्हणूनच जास्त लागतं. यतीच्या केसाकेसावर मेहनत, आणि सगळ्या शेर्पांना मिळून एकच चेहरा! आमांचा तो कपाळावरून फिरणारा हात यातल्या कुणाला दिसला असता तर केवढा प्रसंग झाला असता.

दुसरा भाग काढणार असाल तर जरूर काढा. आधी खुंबूतल्या चार म्हाताऱ्यांना संहिता वाचून दाखवा, त्या म्हणतील ते बदला, आणि श्रेयनामावलीत त्यांची नावं वर घाला.