‘प्लास्टी’ म्हणजे प्लास्टिक नव्हे : अँजिओप्लास्टीवरच्या एका फॉरवर्डला उत्तर

आमच्या घरच्या ग्रुपवर सकाळी साडेसहाला ‘शुभ प्रभात’चं गुलाबाचं चित्र येतं आणि पाठोपाठ मामांचा आरोग्यावरचा मेसेज. एरवी मी तो न वाचताच वर सरकवते. या वेळचा मेसेज मात्र आणखी तीन ग्रुपांवरून आला आणि विषय माझ्या कामाचा निघाला. मी डॉक्टर नाही. कॅथलॅबच्या, म्हणजे जिथे नळी घालून हृदयाच्या वाहिन्या तपासतात त्या खोलीच्या, दाराबाहेर बसलेल्या नातेवाइकांना आत काय चाललंय ते साध्या मराठीत सांगायचं, सही कशावर घेतोय ते समजावायचं, हे काम मी अकरा वर्षं केलं.

मेसेजचा सारांश असा : अँजिओप्लास्टीतला ‘प्लास्टी’ म्हणजे प्लास्टिक, हृदयात कायमची प्लास्टिकची नळी बसवतात. अँजिओग्राफी आणि अँजिओप्लास्टी एकच, दोनदा पैसे घ्यायला दोन नावं. ‘ऑपरेशन नाही’ ही थाप, ही छोटी बायपासच. ती फक्त हृदयाची असते. आणि एकदा नस मोकळी झाली की पुन्हा अटॅक येत नाही, पुढच्या गोळ्या कंपन्यांची पोटं भरायला.

प्लास्टी म्हणजे प्लास्टिक?

दोन्ही शब्दांचं मूळ एकच आहे, एवढं मामांच्या बाजूने. ग्रीक भाषेत मातीला हाताने आकार देण्याला जे क्रियापद आहे त्यातून ‘प्लास्टी’ आला. ‘अँजिओ’ म्हणजे वाहिनी. अँजिओप्लास्टी म्हणजे वाहिनीला पुन्हा आकार देणं. त्याच क्रियापदातून ‘प्लास्टिक’ आला, कारण हवा तसा आकार घेणारा तो पदार्थ. पण वैद्यकातली ‘प्लास्टी’ त्या पदार्थाहून कितीतरी जुनी. जर्मन सर्जन फॉन ग्रेफे यांनी नाकाच्या शस्त्रक्रियेवरचं पुस्तक ‘ऱ्हिनोप्लास्टिक’ या नावाने 1818 मध्ये छापलं. बेकलाइट, म्हणजे पहिलं पूर्ण कृत्रिम प्लास्टिक, आलं 1907 मध्ये. त्या नव्वद वर्षांत सर्जन काय प्लास्टिकची नाकं बसवत होते का?

आणि त्या नाकाची मुळं पुण्यात आहेत, हे आपल्यालाच ठाऊक नसतं. कावसजी नावाचा, इंग्रजांच्या सैन्यातला बैलगाडीवान टिपूच्या हाती सापडला आणि त्याचं नाक कापलं गेलं. ते पुण्याजवळ एका माणसाने कपाळाची कातडी वळवून पुन्हा घडवलं. मुंबई इलाख्यातल्या दोन इंग्रज डॉक्टरांनी ते पाहिलं आणि ऑक्टोबर 1794 मध्ये त्याची हकिकत लंडनच्या ‘जंटलमन्स मॅगझिन’मध्ये छापून आली. तिथल्या डॉक्टरांनी हे तंत्र उचललं ते त्यावरून. त्या हकिकतीत शस्त्रक्रिया करणाऱ्याचं नाव नाही, जात आहे : विटा करणाऱ्यांची. म्हणजे मातीला आकार देणारा माणूसच. ‘प्लास्टी’चा अर्थ समजावताना मी नेहमी हा कुंभार सांगायचे. ग्रीक सांगितलं की लोक मान डोलावतात, कुंभार सांगितला की समजतं.

आता नळीचं. हृदयाच्या वाहिनीत जे कायम राहतं ती धातूची बारीक जाळी, आजकाल बहुधा कोबाल्ट-क्रोमियमची. तिलाच स्टेंट म्हणतात. आपल्याकडे कुणी ‘स्प्रिंग टाकली’ म्हणतं, कुणी ‘दोन स्टेन टाकल्यात’ म्हणतं, आणि दोन्ही समजतं. गंमत म्हणजे या सगळ्यात खरं प्लास्टिक असतं ते फुग्याचं. नळीवरून आत नेऊन वाहिनी रुंद करायला फुगवतात तो हा फुगा, आणि तो त्याच दिवशी बाहेर येतो. काही स्टेंटवर औषध धरून ठेवायला पॉलिमरचा, म्हणजे प्लास्टिकच्याच जातीच्या पदार्थाचा, पातळ लेप असतो. पूर्ण विरघळणाऱ्या पॉलिमरच्या स्टेंटचाही मधे बराच गाजावाजा झाला. त्यातली सर्वांत गाजलेली जात 2017 मध्ये बाजारातून गेली, कारण तिच्यात गुठळ्या होण्याचं प्रमाण धातूच्या स्टेंटहून जास्त दिसलं. म्हणजे प्लास्टिकची भीती ज्यांना वाटते त्यांना नेमकी धातूची जाळीच भावायला हवी.

ग्राफी आणि प्लास्टी एकच?

हा गोंधळ मेसेजने केलेला नाही, आपण सगळ्यांनी मिळून केलाय. दोन्हींना ‘अँजिओ’ म्हणायची सवय. ‘बाबांची अँजिओ झाली’ यावरून बाबांना फक्त तपासलं की जाळी बसवली, काही कळत नाही. फरक सगळा शेपटात आहे. ग्राफी म्हणजे चित्र काढणं : मनगटातून किंवा जांघेतून दोनेक मिलिमीटरची नळी नेऊन, क्ष-किरणांत दिसणारं औषध सोडून वाहिन्यांचा फोटो घेणं. प्लास्टी म्हणजे फोटोत जे दिसलं त्यावर काम करणं.

हा फरक एका चिठ्ठीत जितका नेमका उतरलाय तितका मला कधी सांगता आला नाही. चार्ल्स डॉटर हे अमेरिकेतल्या पोर्टलँडचे रेडिओलॉजिस्ट. नळीने वाहिनीचा फोटो काढायचा, तर त्याच नळीने ती रुंद का करू नये, हा त्यांचा ध्यास. तिथल्या सर्जन मंडळींना तो आगाऊपणा वाटे. त्यांच्यापैकी एकाने रुग्ण पाठवताना फॉर्मवर मोठ्या अक्षरांत बजावलं : दाखवा, पण दुरुस्त करायला जाऊ नका. पहिला अर्धा ग्राफी, दुसरा अर्धा प्लास्टी. दोन्ही एकच असतं तर ही ताकीद द्यायची गरजच पडली नसती.

डॉटर अशा विरोधाला बधले नाहीत ते बरंच झालं. 16 जानेवारी 1964 रोजी त्यांनी 82 वर्षांच्या एका बाईंची मांडीतली अरुंद झालेली वाहिनी नळ्या सरकवून रुंद केली. पाय काळा पडत चालला होता, सर्जन तो कापायचा म्हणत होते आणि बाई पाय द्यायला तयार नव्हत्या. पाय वाचला. तेव्हा फुगाही नव्हता, एकात एक सरकणाऱ्या नळ्या होत्या.

एकाच बैठकीत ग्राफी करून लगेच प्लास्टी करतात तेव्हा मात्र नातेवाइकांना खरंच कळत नाही की एक संपून दुसरी कधी सुरू झाली. टेबलावर माणूस आडवा असताना बाहेर येऊन ‘नव्वद टक्के ब्लॉक आहे, करू का?’ असं विचारलं तर कोण नाही म्हणेल? अटॅक चालू असेल तर तो प्रश्न योग्यच, तिथे एकेक मिनिट मोलाचं. अटॅक नसेल तर मात्र फोटो घेऊन घरी जाता येतं, दुसऱ्या डॉक्टरांना दाखवता येतो, चार दिवस विचार करता येतो. मेसेज लिहिणाऱ्याचा राग बहुधा इथून आला असावा, आणि तो अगदीच अनाठायी नाही. पण रागावून त्याने दोन वेगळ्या गोष्टी एक करून टाकल्या. दोन असल्या तर दुसरीला ‘थांबा’ म्हणता येतं, हे त्यात बुडालं.

छोटी बायपास?

नाही. बायपासमध्ये छाती उघडून, पायातली किंवा छातीतली वाहिनी जोडून अडथळ्याला वळसा घालतात. अडलेली जागा तशीच राहते, रक्त नव्या वाटेने जातं. अँजिओप्लास्टीत वाट तीच, ती रुंद करायची. गावाबाहेरून काढलेला बायपास रस्ता आणि गावातल्या रस्त्याचं रुंदीकरण यांतला फरक मुंबई-गोवा रस्त्यावरून गेलेल्या कुणालाही सांगावा लागत नाही. बायपास सर्जन करतात, भूल देऊन. फुग्याचं काम हृदयरोगतज्ज्ञ करतात, जागा बधिर करून, आणि रुग्ण बहुतेक वेळा जागा असतो.

पण ‘ऑपरेशन नाही’ हे वाक्य मलाही टोचतं. टाके नाहीत म्हणून धोका नाही असा अर्थ लोक काढतात. आंद्रेआस ग्रुंटझिग यांनी 16 सप्टेंबर 1977 रोजी झुरिकमध्ये जगातली पहिली हृदयाची फुग्याची अँजिओप्लास्टी केली तेव्हा बायपासची सर्जन मंडळी तयारीत उभी होती. हा फुगा ग्रुंटझिगनी स्वयंपाकघरातल्या टेबलावर प्रयोग करकरून घडवला होता. रुग्ण 38 वर्षांचा, डॉक्टरही 38 वर्षांचे. दहा वर्षांनी पुन्हा फोटो काढला तेव्हा ती जागा मोकळीच होती. भारतात हे काम 1986 मध्ये चेन्नईत डॉ. मॅथ्यू सॅम्युअल कलारिकल यांनी सुरू केलं. आज फुगा वाहिनीत साधारण दहा ते चौदा वातावरण दाबाने फुगवतात, म्हणजे गाडीच्या टायरमधल्या हवेच्या पाच-सहापट. याला ‘काही नाही हो, दहा मिनिटांचं काम’ म्हणणाऱ्या डॉक्टरकडून मी माझ्या माणसाची करून घेणार नाही.

फक्त हृदयाची?

इथे मेसेज सर्वांत जास्त चुकला, आणि शब्दाच्या दृष्टीने हाच भाग मला सर्वांत आवडतो.

पहिली गोष्ट, वर सांगितलेली डॉटर यांची केस पायाची होती, हृदयाची नव्हे. मधुमेहाने पायाचा रक्तपुरवठा आटलेल्या कित्येकांची आज पायाची अँजिओप्लास्टी होते. डायलिसिसवरच्या माणसाला विचारा, हातातला फिस्टुला (डायलिसिससाठी धमनी आणि शीर जोडून केलेली वाट) अरुंद झाला की त्याची ‘प्लास्टी’ करतात. तिथे तर फुगा बहुधा शिरेत जातो, धमनीत नाही. (शाळेत आपण रोहिणी आणि नीला असे दोन सुंदर शब्द शिकतो आणि दहावीनंतर सगळ्यालाच ‘नस’ म्हणून मोकळे होतो. मेंदूकडून येणारी तीही नस, रक्ताची तीही नस.)

दुसरी गोष्ट याहून महत्त्वाची. सर्जन मंडळींच्या बोलीत अँजिओप्लास्टी म्हटलं की फुगाच असतो असं नाही. मानेतल्या वाहिनीतला मेदाचा थर कापून काढला की ती नुसती शिवून टाकली तर शिवणीने अरुंद होते, जसा अंगावरचा सदरा फाटल्यावर ओढून शिवला तर काखेत काचतो. म्हणून तिथे ठिगळ लावतात, रुग्णाच्याच शिरेचं किंवा कापडाचं, की घेर कायम राहावा. याला पॅच अँजिओप्लास्टी म्हणतात. अमेरिकेतल्या ह्यूस्टनचे मायकेल डिबेकी यांनी ती 1958 मध्ये केली, म्हणजे डॉटरच्या नळीच्याही आधी. डिबेकींनी कृत्रिम वाहिन्यांसाठी दुकानातून डेक्रॉनचं कापड आणून पत्नीच्या शिलाई मशीनवर शिवलं होतं. डेक्रॉन म्हणजे पॉलिएस्टर. घ्या मामा, सापडलं तुमचं कायमचं राहणारं प्लास्टिक! फक्त ते फुग्याच्या अँजिओप्लास्टीत नसून सुईदोऱ्याच्या अँजिओप्लास्टीत सापडलं.

म्हणून केसपेपरवर नुसतं ‘अँजिओप्लास्टी’ लिहिलेलं असेल तर माझ्या मते ते अर्धवट लिहिलेलं आहे. कुठल्या वाहिनीची आणि कशाने, फुग्याने की ठिगळाने, हे सोबत हवं.

आता अटॅक येणार नाही, गोळ्या बंद?

बाकी चुका हसून सोडता येतील. ही नाही.

जाळी बसवली की शरीराला ती परकी वाटते. तिच्यावर वाहिनीचं आतलं अस्तर चढेपर्यंत रक्त तिच्यावर गोठू पाहतं. म्हणून रक्त पातळ ठेवणाऱ्या दोन गोळ्या देतात, अ‍ॅस्पिरिन आणि सोबत क्लोपिडोग्रेल किंवा टिकाग्रेलोर. अटॅकनंतर साधारण वर्षभर, स्थिर रुग्णात साधारण सहा महिने. रक्तस्रावाचा धोका असेल तर डॉक्टर मुदत कमी करतात. पुढे बहुतेकांची एक गोळी चालूच राहते. पहिल्या काही महिन्यांत या गोळ्या परस्पर थांबवल्या तर जाळीत एकाएकी गुठळी होऊ शकते, आणि ती गुठळी म्हणजे थेट मोठा अटॅक. आमच्याकडे एक काका दाताचं काम करायचं म्हणून स्वतःच गोळ्या बंद करून बसले होते. चार दिवसांनी त्याच कॅथलॅबमध्ये परत आले. दात मात्र तसाच दुखत होता.

‘पुन्हा अटॅक येत नाही’ हेही खोटं. जाळी एका जागी बसते, आजार वाहिन्यांच्या सगळ्या झाडाला लागलेला असतो. नुसत्या फुग्याच्या काळात साधारण तीनातली एक वाहिनी काही महिन्यांत पुन्हा अरुंद होई. जाळी आणि मग औषध लावलेली जाळी आल्यावर ते प्रमाण खूप खाली आलं, शून्य झालं नाही.

चालू अटॅकमध्ये अँजिओप्लास्टी जीव वाचवते, तिथे वाद नाही. पण चालताना छातीत भरून येतं आणि थांबलं की जातं, अशा स्थिर दुखण्यात चित्र वेगळं आहे. 2007 चा ‘करेज’ आणि 2019 मध्ये निकाल आलेला, 5,179 रुग्णांचा ‘इस्केमिया’, या दोन मोठ्या अभ्यासांत चांगल्या औषधोपचारावर प्लास्टीची भर घातल्याने मृत्यू कमी झाले नाहीत. ‘इस्केमिया’त छातीचं दुखणं मात्र जास्त चांगलं उतरलं. म्हणजे मेसेजवाल्याला कंपन्यांवर संशय घ्यायचाच असेल तर त्याने गोळ्यांकडे बोट दाखवायला नको होतं. त्या अभ्यासांत बाजी राखली ती गोळ्यांनीच.

मेसेजच्या शेवटी एक ओळ आहे की जाळी कितीची ते कुणीच सांगत नाही. फेब्रुवारी 2017 मध्ये केंद्राच्या औषध किंमत प्राधिकरणाने स्टेंटच्या किमतीवर मर्यादा घातली : साध्या धातूच्या जाळीला 7,260 रुपये, औषध लावलेलीला 29,600, कर वेगळा. आकडे नंतर बदलत गेले, मर्यादा राहिली. बिलात स्टेंटची किंमत वेगळी दाखवावी लागते. खोक्यावरचं स्टिकर फाइलला चिकटवलेलं असतं. मामांची स्वतःची फाइल मी काल मागवून घेतली, त्यांना 2019 मध्ये एक जाळी बसली आहे. डिस्चार्ज कार्डावर लिहिलंय : पीटीसीए विथ डीईएस टू एलएडी, 3.0 गुणिले 28. त्वचेतून, वाहिनीच्या आतून केलेली हृदयवाहिनीची प्लास्टी, औषध लावलेली जाळी, हृदयाच्या पुढच्या बाजूने उतरणाऱ्या डाव्या वाहिनीत, तीन मिलिमीटर व्यासाची आणि अठ्ठावीस मिलिमीटर लांबीची. हे सगळं मी त्यांना फोनवर वाचून दाखवलं. मामांनी विचारलं, ‘म्हणजे धातूचीच ना?’ मी हो म्हटलं, आणि सकाळची गोळी घेतली का ते विचारलं.