हायाकावाचा खलनायक ‘ब्रह्मदेशी’ नव्हता

हॉलिवूडमधला जपानी अभिनेता सेशू हायाकावा याच्यावरचा एक फॉरवर्ड भाचीच्या सिनेमाच्या वर्गात पोचला आणि ती त्यावर प्रोजेक्ट लिहायला बसली. फॉरवर्ड म्हणतो: ‘द चीट’मधला त्याचा खलनायक मुळात ब्रह्मदेशी, जपान्यांनी उगाच आरडाओरडा केला, हायाकावाला तऱ्हेतऱ्हेच्या भूमिका मिळाल्या, बोलपटांनी त्याला संपवलं, आणि शेवटी ऑस्करने भरपाई झाली. अरे, पुढे ढकलण्याआधी सिनेमा तरी बघा!

पहिला दावा सर्वांत संतापजनक. डिसेंबर १९१५मध्ये दिग्दर्शक सेसिल बी. डिमिलचा हा मूकपट आला, तेव्हा त्या खलनायकाचं, म्हणजे हस्तिदंताच्या व्यापाऱ्याचं नाव हिशुरू तोरी होतं आणि तो जपानी होता. आपण पैसे दिलेल्या गोऱ्या बाईच्या खांद्यावर तो तापलेल्या शिक्क्याने डाग देतो. लॉस एंजेलिसच्या जपानी रहिवाशांनी निषेध केला तो याचा. १९१८ला सिनेमा पुन्हा लावला, तेव्हा महायुद्धात जपान दोस्तांच्या बाजूने होता. मग तोरीचा हाका अराकाऊ झाला, देश ब्रह्मदेश. मूकपटात यासाठी काही नव्याने चित्रित करावं लागत नाही. पडद्यावर मजकूर दाखवणारी जुनी पाटी कापायची, नवी जोडायची. ब्रह्मदेश तेव्हा ब्रिटिश हिंदुस्थानात. त्याच्या वतीने तक्रार करणार कोण?

आज बघायला मिळते ती ही १९१८ची प्रत. फॉरवर्डवाल्याने पाट्या वाचल्या, घर बघितलं नाही. गोळी लागल्यावर हायाकावा कागदी सरकत्या भिंतीला टेकतो, रक्त कागदावर उतरतं आणि पलीकडून नवरा तो कागद फाडून आत घुसतो. ती सरळसरळ जपानी शोजी आहे. नाव बदललं, घर तेच राहिलं.

भूमिकांचं म्हणणं अर्धं खरं, तेवढं मान्य करावं लागेल. मेक्सिकन दरोडेखोर, अरब, चिनी असं सगळं त्याने केलं. पण गोरा सोडून कुणीही, याला वैविध्य म्हणत नाहीत. १९१८ला त्याने स्वतःची हॉवर्थ कंपनी काढली, पत्नी त्सुरू आओकीबरोबर ‘द ड्रॅगन पेंटर’ (१९१९) केला. मनासारखं काम हवं तर पदरची कंपनी काढावी लागत होती, यातच काय ते आलं.

बोलपटांचं तर तारखाच सांगतात. हॉलिवूड त्याने १९२२मध्ये सोडलं. बोलपटांचं युग सुरू करणारा ‘द जॅझ सिंगर’ आला ऑक्टोबर १९२७ला. आणि १९३१ला तो हॉलिवूडच्याच बोलपटात होता, ‘डॉटर ऑफ द ड्रॅगन’मध्ये.

ऑस्कर त्याला मिळालंच नाही. ‘द ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय’साठी (१९५७) सहायक अभिनेत्याचं नामांकन होतं, पुरस्कार ‘सायोनारा’च्या रेड बटन्सला गेला. ‘सायोनारा’साठीच मियोशी उमेकीला सहायक अभिनेत्रीचं ऑस्कर मिळालं, घोळ बहुधा तिथला. आणि नामांकन कुठल्या भूमिकेला? युद्धकैद्यांच्या छावणीचा जपानी कमांडर. त्याआधी १९५०च्या ‘थ्री केम होम’मध्येही त्याला जपानी छावणीप्रमुखच दिला होता.