मढ्याचा रोल

भाच्याने लघुपट काढायचं ठरवलं तेव्हा घरातल्या शहाण्या माणसांनी आपापली कामं काढली. रिकामा सापडलो मी. "मामा, तुमचा रोल सगळ्यात सोपा. डायलॉग नाही, चालणं नाही. नुसतं पडून राहायचं."

गोष्ट अशी, की एक चोर अमावास्येला पतपेढी फोडतो. पिशवीत निघतात नुसती पासबुकं. मग एसटी चुकते, चप्पल तुटते आणि पळता पळता तो किनाऱ्यावर एका प्रेताला अडखळतो. ते प्रेत मी. चोराचा दिवस किती वाईट आहे हे भाचा रंगवून सांगत होता. प्रेताची चौकशी कोणी केली नाही.

वातावरण खरं वाटावं म्हणून शूटिंगही अमावास्येलाच. सकाळी सकाळी, समुद्र लांब गेलेला असताना, आचऱ्याच्या ओल्या वाळूत मला उताणं घातलं. रक्त म्हणून कोकमाचं आगळ, दाट व्हावं म्हणून त्यात काकवी. कृष्णधवल सिनेमात रक्ताच्या जागी चॉकलेट सिरप चालायचं, ही माहिती भाच्याने ते माझ्या गळ्यावर ओतता ओतता दिली. तिथे दाढी करताना ताजंच कापलं होतं. मेलेल्या माणसाला बोंब मारायची सोय नसते. काकवीला माश्या आल्या, माश्यांमागून एक कुत्रं आलं आणि सगळा पुरावा चाटून साफ करू लागलं.

"कट! मामा, मढ्याला गुदगुल्या होत नाहीत!"

तेवढ्यात रापणीचं, म्हणजे किनाऱ्यावरून ओढायचं जाळं ओढणारे एक काका थबकले. "रे, ह्यां मढां हलता!" मग पाण्याकडे बघून म्हणाले, "आज तिथ खंयची?" तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची वेळ निघते, हे त्या किनाऱ्यावर शेंबड्या पोरालाही पाठ. अमावास्येची पंधरा धरली तर सव्वाअकरा, आणि तीही उधाणाची भरती. भाच्याच्या मोबाइलात सूर्याचा कोन होता, ड्रोनची बॅटरी होती. समुद्र तेवढा नव्हता.

नऊ वाजायच्या आत पाणी माझ्या कानात शिरलं. "हलू नका, जबरदस्त दिसतंय!" इकडे चोराला काही अडखळणं जमेना, पडायच्या आधी तो जागा बघून घ्यायचा. शेवटी लाटेनेच त्याला माझ्या अंगावर आणून आपटला. तो "आयशीऽऽ" करत पळाला आणि पासबुकं तरंगत निघाली. त्यातलं एक खरं होतं. माझं.

सिनेमा आमच्याच खळ्यात पडदा बांधून दाखवला. चोराच्या हालअपेष्टा लोकांनी शेंगदाणे खात शांतपणे पाहिल्या. हशा पिकला तो प्रेताचं पोट वरखाली झालं तेव्हा. भाचा जाम खूश. पुढच्या सिनेमात मला डबल रोल देतो म्हणतो.

दोन्ही मढी.