बाबांची कंपासपेटी आणि फ्रायलासिंग

आज साल्झबुर्गहून म्युनिकला परतताना फ्रायलासिंगला, म्हणजे हद्द ओलांडल्यावरच्या पहिल्या जर्मन स्टेशनात, गाडी पुन्हा अडकली. वर्दीतले दोघे पोलीस चढले. डबा खच्चून भरलेला, आणि कागद मागितले कोणाचे? माझे आणि पलीकडच्या हिजाबवाल्या मुलीचे. समोरच्या आजोबांनी पेपरातून मान वर काढली नाही, त्यांना कोणी हटकलंही नाही. अकरा वर्षं कर भरतेय इथे!

आणि म्हणे शेंगेन, युरोपातल्या देशांमधल्या हद्दींवरची तपासणी उठवणारा करार. १९८५च्या जूनमध्ये मोझेल नदीवर बोटीत बसून पाच देशांनी सह्या केल्या, १९९५ला नाकी खरोखरच उठली. लेक शाळेतून हे पाठ करून येते. ऑस्ट्रियाच्या हद्दीवर २०१५पासून 'तात्पुरती' तपासणी चालू आहे, २०२४च्या सप्टेंबरपासून तर जर्मनीच्या सगळ्याच शेजाऱ्यांच्या हद्दींवर. आपल्याकडे मांडवाचे तात्पुरते पत्रे वीस वर्षं राहतात, तसलं तात्पुरतं.

त्या बोटीनंतर वर्षभराने, १९८६ला, बाबा कंपनीच्या ट्रेनिंगला पश्चिम बर्लिनला होते. शहराच्या मधोमध तेव्हा भिंत होती. एका रविवारी फ्रीडरिशश्ट्रासे स्टेशनातल्या नाक्यावरून पूर्व बर्लिनला गेले. पंचवीस मार्क सक्तीने एकास एक बदलून घ्यायचे, मध्यरात्रीच्या आत परत. पासपोर्ट तपासायला अरुंद खोपटं, डोक्यामागे तिरका आरसा, म्हणजे पाठही दिसावी. पूर्वेचे मार्क बाहेर नेता येत नसत, म्हणून उरलेल्या पैशांची माझ्यासाठी कंपासपेटी घेतली. दहावीपर्यंत वापरली मी ती.

तिथे पळून जाऊ पाहणारी माणसं भिंतीपाशी मारली जात होती, ठाऊक आहे मला. तुलना करू नये. पण बाबा सांगतात, रांगेत गोरा काय, काळा काय, सगळे सारखेच घामाघूम.

हो, माणसांची चोरटी वाहतूक करणारे पकडले जातात, मान्य. पण ते काय माझ्या डब्याच्या पिशवीत बसतात?

माझे कागद बघणारा पोलीस पोरगा विशी-बाविशीचा होता. माझं आडनाव दोनदा चुकला, कानापर्यंत लाल झाला, आणि कार्ड दोन्ही हातांनी परत दिलं. त्याच्यावर काय चिडायचं! खाली उतरला तेव्हा पाऊस पडत होता, टोपीसुद्धा नव्हती त्याला. त्या मुलीला मात्र त्यांनी खाली उतरवलं. गाडी सुटली तरी ती फलाटावर बॅग उपसत होती. आणि मी खिडकीतून बघत बसले, हे लिहितानाही चटका लागतोय.

घरी येऊन बाबांना फोन केला. सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "शिक्का मारला का गं?"

"नाही बाबा, इथे शिक्का नसतो."

"मग वहीत काय राहणार तुझ्या?" माझ्या पासपोर्टाला ते अजून वहीच म्हणतात.