कचरा म्हणून आपटलेलं पुस्तक

बारा वर्षांपूर्वीची गोष्ट. सोलापुरात सिद्धेश्वराच्या जत्रेचा गड्डा नुकताच संपला होता. आठवीतला एक मुलगा मागच्या बाकावर मान खाली घालून वहीत काहीतरी उतरवत होता. जवळ जाऊन बघितलं तर होम मैदानावर जमिनीवर पसरून विकतात तसलं पातळ पुस्तक. वर कवटी, आत वशीकरण, गुप्तधन, "पिवळ्या भस्मातून रक्त काढणे". कागद इतका हलका की मागच्या पानाची शाई पुढं उमटलेली. मी ते ओढून घेतलं, "काय बे, असला कचरा वाचतोस?" म्हणालो आणि टेबलावर आपटलं. वर्ग खिदळला. मी विज्ञानाचा मास्तर. अंधश्रद्धेविरुद्ध आपण आज काहीतरी केलं, असं समाधान घेऊन घरी गेलो.

त्याच वर्षी मे महिन्यात मेरी शेलीची 'फ्रँकेन्स्टाईन' ही कादंबरी पहिल्यांदा अखंड वाचली. तोवर मलाही सिनेमातला तो मानेत बोल्ट ठोकलेला राक्षस म्हणजेच फ्रँकेन्स्टाईन वाटायचा. ते आडनाव प्रेतांचे तुकडे जोडून त्याला बनवणाऱ्या व्हिक्टरचं. राक्षसाला तर कादंबरीभर नावच नाही.

सुरुवातीलाच एका जागी थबकलो. व्हिक्टर तेरा वर्षांचा आहे. घरची मंडळी थोनाँजवळ सहलीला गेलीत, हवा खराब, सगळे दिवसभर मुक्कामाच्या जागी अडकून पडलेत. तिथं पोराच्या हाती कॉर्नेलियस अग्रिप्पाचं पुस्तक लागतं. हा अग्रिप्पा सोळाव्या शतकातला खराखुरा जर्मन पंडित, जादूविद्येवर लिहिणारा. पोरगं हरखून वडिलांना पुस्तक दाखवतं. वडील नुसतं नावाचं पान बघतात, कचरा आहे, यात वेळ घालवू नकोस, म्हणतात आणि मोकळे होतात. पुढं मरायला टेकलेला व्हिक्टर सांगतो की ती विद्या खोटी का ठरली, नवं विज्ञान काय म्हणतं, हे वडिलांनी तेव्हा समजावलं असतं तर मी ते पुस्तक बाजूला टाकलं असतं. कदाचित माझा सत्यानाशही टळला असता.

पुस्तक मिटून ओट्यावर येऊन बसलो. सोलापूरचा मे, रात्री अकरालाही भिंत तापलेली. तो मुलगा डोळ्यांसमोरून हलेना.

ही कादंबरी 1 जानेवारी 1818 ला लंडनमध्ये निघाली, लेखिकेच्या नावाशिवाय. तेव्हापासून व्हिक्टरवर एकच आरोप होत आलाय: देवाच्या कामात हात घातला. जनुकीय बदल केलेलं बियाणं आलं की त्याचं नाव निघतं. आपल्याकडे तर लगेच भस्मासुर म्हणतात. मला ही तुलनाच पटत नाही. भस्मासुर वर देणाऱ्याच्याच डोक्यावर हात ठेवायला धावला होता. इथं नोव्हेंबरातली रात्र आहे, एक वाजलाय, खिडकीवर पाऊस, मेणबत्ती विझत आलेली. त्या जिवाचा पिवळा डोळा उघडतो आणि त्याला घडवणारा खोलीतून पळून जातो. मग तो जीव पलंगाचा पडदा सारून त्याच्याकडे बघतो, तोंडातल्या तोंडात काहीतरी पुटपुटतो आणि हात पुढं करतो. मला तरी तो तान्ह्या लेकराचा हात वाटतो. व्हिक्टर पुन्हा पळतो.

सगळा दोष बापावर टाकता येत नाही, हे मलाही दिसतं. इंगोल्श्टाटच्या विद्यापीठात क्रेम्प नावाचे प्राध्यापक त्याच्या जुन्या पुस्तकांची टर उडवतात, तर वाल्डमन तीच नावं ऐकून तुच्छतेविना हसतात आणि त्या किमयागारांच्या कष्टावरच आजचं शास्त्र उभं आहे, असं सांगतात. असा मास्तर लाभावा! पण व्हिक्टरची महत्त्वाकांक्षा पेटते ती याच वाल्डमनच्या व्याख्यानानं. मग पोरगं घराच्या वरच्या टोकाला खोलीत कोंडून घेतं, घरी पत्र नाही, आणि आत काय चाललंय हे कुणी बघायला जात नाही. मला वाल्डमनही अर्धेच मास्तर वाटतात ते यासाठी.

आणि जस्टिनच्या बाबतीत व्हिक्टरला माफी नाही. धाकट्या भावाचा खून झाला, त्याच्या गळ्यातलं आईचं चित्र त्यांच्याच घरातल्या या पोरीच्या खिशात सापडलं. खून आपण घडवलेल्या जिवानंच केला, हे व्हिक्टरच्या मनाला पक्कं ठाऊक होतं. लोक वेडा म्हणतील म्हणून तो गप्प बसला. ती फासावर गेली. प्रेतांचे तुकडे जोडण्यापेक्षा हे गप्प बसणं मला कितीतरी भयंकर वाटतं. त्याच्या शास्त्राबद्दल वाद घालणारे या पोरीचं नावही घेत नाहीत, याचा मला राग येतो.

तो मुलगा दहावीनंतर यंत्रमागावर लागला, असं कळलं. त्यानं अघोरी काही केलं नाही, पण माझ्या वर्गात पुन्हा एकही प्रश्न विचारला नाही. दोन वर्षांत एकही नाही. ते पुस्तक माझ्या कपाटात आहे. यंदाच्या गड्ड्यानंतर ते मी वर्गात नेलं, टेबलावर उघडून ठेवलं आणि एकेक पान मुलांबरोबर वाचलं. त्यातले निम्मे प्रयोग घरच्या स्वयंपाकघरात होतात.

बाळा, आता तू चांगला मोठा झाला असशील. हे वाचत असशील तर तुझ्या वहीत अर्धवट राहिलेलं "पिवळ्या भस्मातून रक्त" आज पूर्ण करतो. ते पिवळं भस्म म्हणजे हळद. हळदीत कर्क्युमिन असतं, त्याला चुन्याची निवळी लागली की ते लालभडक होतं, कारण चुना अल्कली. त्यावर लिंबू पिळ, परत पिवळं होईल.