बायरॅड्स ४ म्हणजे चौथी स्टेज नव्हे

दादर-परळकडच्या महिला मंडळांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर मेसेज फिरतोय: ‘मॅमोग्राफीच्या (स्तनांच्या एक्स-रे तपासणीच्या) रिपोर्टमध्ये बायरॅड्स ४ आलं, तर कॅन्सर चौथ्या स्टेजला गेला.’ साफ चूक. बायरॅड्स ही अमेरिकन कॉलेज ऑफ रेडिओलॉजीने ठरवलेली ० ते ६ अशी वर्गवारी. ४ म्हणजे दिसलेलं संशयास्पद आहे, बायोप्सी करा, म्हणजे तिथला छोटा तुकडा काढून तपासून घ्या. कॅन्सरची शक्यता इथे २ टक्क्यांच्या वर ते ९५ टक्क्यांच्या खाली, कुठेही असू शकते. म्हणून तर ४ए, ४बी, ४सी असे पोटभाग. बऱ्याच जणींची गाठ साधीच निघते, पण बायोप्सी टाळू नका. स्टेज ठरते ती कॅन्सर सिद्ध झाल्यावर, गाठीचा आकार आणि फैलाव बघून. आणि हो, ० आला म्हणून पेढे वाटू नका: तपासणी अपुरी आहे, आणखी फोटो किंवा सोनोग्राफी लागेल, एवढाच त्याचा अर्थ.