गाय कोरलेला प्रत्येक वीरगळ सुलतानाविरुद्धचा नाही

वीरगळाच्या, म्हणजे लढताना पडलेल्या वीराच्या स्मरणार्थ उभारलेल्या कोरीव दगडाच्या, खालच्या चौकटीत गाय दिसली, की तो वीर परधर्मी आक्रमकांच्या तावडीतून गाई सोडवताना पडला असे समजायचे. नुसत्या गुरेचोरीसाठी कोणी एवढा दगड घडवून घेत नाही, तेव्हा ते धर्मयुद्धच होते. आणि दगडावरचा माणूस नेहमी रक्षक असतो, लुटारू कधीच नसतो. वीरगळांच्या फोटोंखाली फिरणाऱ्या मजकुराचा सारांश एवढाच. वीरगळांबद्दल लोकांना आस्था वाटू लागली, याचा मला मनापासून आनंद आहे. पण या मजकुरातले एकही विधान सरसकट खरे नाही, आणि त्यापायी ज्या माणसाची आठवण म्हणून तो दगड उभा राहिला, त्याचीच गोष्ट पुसली जाते.

आधी काळ पाहू. महाराष्ट्रातले बरेचसे वीरगळ शिलाहार आणि यादव या राजघराण्यांच्या काळातले आहेत. अल्लाउद्दीन खिलजी देवगिरीवर चालून आला १२९६ मध्ये. म्हणजे त्याआधीच्या दगडांवर ज्यांच्याशी झुंज चालली आहे, ते लोक शेजारच्याच राजाचे, शेजारच्याच सामंताचे, पुष्कळदा पलीकडच्या गावचे. कल्याणीच्या चालुक्यांची सत्ता ढासळल्यावर धारवाड-गदगचा सुपीक पट्टा देवगिरीचे यादव आणि कर्नाटकातले होयसळ या दोन्ही राजघराण्यांना हवा होता. ११९०च्या सुमारास गदगजवळ सोरटूरला होयसळ बल्लाळाने यादव भिल्लमाचा पराभव केला, पुढे सिंघण यादवाने दक्षिणेकडे मुसंडी मारली. दोन्हीकडचे राजे देवळांना दाने देणारे होते. अशा ओढाताणीत सीमेवरच्या गावांची गुरे आज या बाजूने, उद्या त्या बाजूने हाकली जात. ज्या वीरगळांवर लेख आहे, तिथे हे अंदाजाने सांगावे लागत नाही. कन्नड लेखांत या प्रसंगांना ठरलेली नावे आहेत: गुरे हाकून नेली तर तुरुगोळ, गाव उद्ध्वस्त केले तर ऊरळिवु, बायकांवर हात टाकला तर पेण्बुय्यल. ही नावे इतक्या वेळा येतात की हे सीमाभागातले नेहमीचे संकट होते, एखाद्या परकीय स्वारीचे नव्हे, हे उघड होते.

१२९६ नंतरही वीरगळ उभे राहिले आणि त्यांतले काही खरोखर सुलतानी फौजांशी झालेल्या लढायांचे असू शकतात. पण ते त्या त्या दगडावरून, त्याच्या लेखावरून आणि घडणीवरून दाखवावे लागेल. फक्त गाय दिसली म्हणून ते सिद्ध होत नाही.

दुसरा मुद्दा, गुरांसाठी कोण एवढे करील. मला वाटते, हा प्रश्न गुरे न पाळणाऱ्या माणसालाच पडतो. त्या काळी बैल गेला म्हणजे नांगर गेला, मोट गेली, ओझे वाहणारे जनावर गेले, शेणखत गेले. पेरणीच्या तोंडावर खिल्लार नेले तर गावाचे अख्खे वर्ष बुडाले. लुटणाऱ्याच्या बाजूने पाहा. धान्य लुटले तर ते वाहून न्यावे लागते. गुरे स्वतःच्या पायांनी चालत येतात. चराऊ रान गावकुसाबाहेर, बहुधा शिवेलगत, आणि राखायला दोन-चार गुराखी. सीमेपलीकडच्या टोळीला याहून सोपे लक्ष्य कोणते?

राज्यकर्त्यांना हे पुरते ठाऊक होते. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात गोध्यक्ष नावाचा स्वतंत्र अधिकारी आहे. जनावरांच्या अंगावर डाग देऊन खुणा करायच्या, रंग-शिंगांसकट त्यांची नोंद ठेवायची, बुजऱ्या गुरांच्या गळ्यात घंटा बांधायची, म्हणजे साप-श्वापदे दूर राहतील आणि कळप कुठे आहे तेही कळेल. गुरे चोरणाऱ्याला आणि चोरवणाऱ्याला तिथे देहदंड सांगितला आहे, आणि चोरांनी नेलेली गुरे सोडवून आणणाऱ्याला मोबदला. कर्नाटकात गावासाठी पडलेल्या वीराच्या घराला जमीन मिळे. नेत्तरु कोडगे म्हणजे रक्ताच्या मोबदल्यात दिलेली जमीन. गावाने कबूल केलेली ही जबाबदारी होती. यात श्रद्धा नव्हती असे मी म्हणत नाही. वीरगळाच्या वरच्या चौकटीत वीर शिवलिंगापुढे बसलेला असतो, मधल्या चौकटीत अप्सरा त्याला उचलून नेतात. गाव त्याला कैलास देत होते. पण त्याने जीव दिला तो गावच्या खिल्लारासाठी, आणि हे कारण मला जराही कमी दर्जाचे वाटत नाही.

तिसरे विधान सर्वांत जास्त पसरले आहे आणि सर्वांत कच्चे आहे: वीर नेहमी रक्षकच. तमिळनाडूतल्या तिरुवण्णामलै जिल्ह्यातल्या चेंगम परिसरात पल्लवकाळापासूनचे लेख असलेले वीरगळ मोठ्या संख्येने आहेत. त्यांत गुरे परत मिळवताना पडलेले वीर आहेत, तसे दुसऱ्यांची गुरे लुटताना पडलेलेही आहेत. दगड दोघांनाही मिळाला, मान दोघांनाही मिळाला. तेनी जिल्ह्यातल्या पुलिमान कोंबै इथे २००६ मध्ये तमिळ-ब्राह्मी लिपीतले वीरगळ सापडले. देशातल्या सर्वांत जुन्या वीरगळांत त्यांची गणना होते, आणि त्यांतल्या एकावरही गुरे हाकण्याचाच प्रसंग आहे. तोल्काप्पियम या प्राचीन ग्रंथात तर युद्धाची सुरुवातच शत्रूची गुरे पळवण्यापासून होते. त्या प्रकाराला वेट्चि म्हणतात. शिलप्पदिकारम या काव्यातले एयिनर शिकारी कोट्रवै देवीचा कौल घेऊन लुटीला निघतात, आणि आणलेली गुरे ताडी विकणारी, लोहार, हेर अशा लोकांना वाटून टाकतात. लुटारूच्या पाठीशीही देवी उभी होती.

हे फक्त दक्षिणेतले आहे असे कोणाला वाटत असेल तर विराटपर्व उघडावे. गोग्रहण आपण लहानपणापासून ऐकतो, पण त्यात लुटायला कोण आले होते ते विसरतो. कीचक मेल्याने मत्स्यदेश दुबळा झाला, हे हेरून त्रिगर्ताचा सुशर्मा दक्षिणेकडून गुरे हाकतो. विराट सैन्य घेऊन तिकडे धावतो, आणि उत्तरेची बाजू उघडी पडल्यावर कौरव साठ हजार गाई वळवून चालू लागतात. त्या सैन्यात दुर्योधन आणि कर्ण आहेत, तसे भीष्म आणि द्रोणही आहेत. खबर घेऊन राजधानीत येतो तो गाईंवरचा अधिकारी, आणि ती घेणारा घरात एकटा विराटाचा मुलगा उत्तर. एका टोकाला झुंजवून दुसऱ्या टोकाने कळप न्यायचा, हा सीमेवरच्या धाडीचा डावपेच याहून नेमका क्वचितच कुठे रंगवला असेल. महाभारतकाराला तो सुचला, कारण ऐकणाऱ्यांना तो ओळखीचा होता.

राजस्थानातल्या पाबूजी या लोकदेवाची गाथाही अशीच. लग्नाचे फेरे अर्धवट टाकून पाबूजी देवल नावाच्या चारण बाईच्या गाई सोडवायला धावतो आणि त्यातच मरतो. गाई नेणारा जिंदराव खींची हा राजपूत, पाबूजीच्या बहिणीचा नवरा. आणि हाच पाबूजी त्याआधी पुतणीला दिलेला शब्द पाळायला लंकेहून सांडण्या, म्हणजे उंटिणी, लुटून आणतो. एकच नायक एका प्रसंगात धाड घालतो, दुसऱ्यात धाड परतवतो, आणि गाणाऱ्या भोप्यांना त्यात काही विसंगत वाटत नाही. त्याच गाथेत गाई मारणाऱ्या मिर्झा खानाशी झुंजही आहे. म्हणजे तशा गोष्टी सांगायच्या तेव्हा परंपरा त्या नाव घेऊन सांगते. बाकीच्या गोष्टींवर तेच नाव आपण चिकटवू नये.

राहिला शेवटचा युक्तिवाद: महाराष्ट्रातल्या बहुतेक वीरगळांवर लेखच नाही, मग आमचे म्हणणे खोटे कशावरून? लेख नसला तरी दगड मुका नसतो. वीराच्या हातात धनुष्य आहे की ढाल-तलवार, समोरचे पायी आहेत की घोडेस्वार, गाई कोणत्या दिशेला तोंड करून चालल्या आहेत, वरच्या चौकटीत लिंग आहे की जिनमूर्ती, बाजूला सूर्य-चंद्र आहेत का, हे सगळे वाचता येते. बोरिवलीजवळच्या एकसरच्या वीरगळांवर वल्ह्यांची जहाजे आहेत. अनेक अभ्यासक ती यादव महादेव आणि शिलाहार सोमेश्वर यांच्या लढाईशी जोडतात, आणि तो निष्कर्षही शिल्पातल्या तपशिलांवरूनच निघाला. तसे वाचायचे तर दगड उघडा हवा. शेंदराचे थर आणि ऑइलपेंट चढले की बारीक रेघा बुजतात. शिवाय लेख असला तर तो चौकटींमधल्या पट्टीवर किंवा तळाशी, मातीत गेलेल्या भागात असू शकतो, म्हणून दगड हलवून नव्या चौथऱ्यावर सिमेंटमध्ये बसवण्याआधी पुरातत्त्व विभागाला कळवावे आणि ठसा घेऊ द्यावा.